जागा पाहिल्या, मतेही पाहा

महोदय,
१९५१-५२च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत ‘सारा देश काँग्रेसमागे होता’ असे सरसकट लिहिले जाते, ते चूक आहे. काँग्रेसला मते सुमारे ४५ टक्केच, जागा मात्र ४८९ पैकी ३६४! उरलेली मते समाजवादी, किसान मजदूर प्रजा पक्ष, अपक्ष अशी फुटली. १९५७ मध्ये विरोधक संयुक्त महाराष्ट्र समितीत एकवटले आणि आपल्या साताऱ्यातून क्रांतिसिंह नाना पाटील लोकसभेवर गेले.

तेव्हा उमेदवारागणिक वेगळी पेटी, वर चिन्ह. मतपत्रिकेवर खूण नाही, नुसती पेटीत टाकायची. पेट्या आडोशाला, त्यामुळे कोणी कोरी मतपत्रिका खिशात घालून बाहेर नेली तरी कळणे अवघड. १९६२च्या लोकसभा निवडणुकीपासून मतपत्रिकेवर शिक्का मारण्याची पद्धत आली. पाठ्यपुस्तकांत जागांशेजारी मतांची टक्केवारीही छापावी.

– एक वाचक, कऱ्हाड (जि. सातारा)