शूटर गेमच्या सामन्यात राखलेल्या जागेचाही हिशेब व्हावा

महोदय,

आंतरमहाविद्यालयीन ई-क्रीडा स्पर्धेचे वृत्त आपल्या दैनिकाच्या क्रीडा पानावर नुकतेच वाचले. कॉल ऑफ ड्युटी मोबाइल या मोबाइलवरील शूटर गेमच्या, म्हणजे नेमबाजीच्या गेमच्या, सामन्याला मराठी वृत्तपत्रात कबड्डी-क्रिकेटच्या शेजारी जागा मिळाली, याबद्दल आपले मनापासून आभार. मात्र अंतिम सामना हार्डपॉइंट या प्रकारात झालेला असूनही त्या वृत्तात कोणत्या खेळाडूने किती ‘किल’ केले, म्हणजे किती प्रतिस्पर्धी बाद केले, एवढेच ठळकपणे दिले होते, आणि सामना ज्यावर जिंकला-हरला जातो त्या जागेच्या ताब्याविषयी एक वाक्यही नव्हते. यात एकट्या वार्ताहराला दोष देता येणार नाही, कारण आयोजकांच्या पत्रकात बहुधा तेवढीच माहिती असते आणि खेळणाऱ्या मुलांपैकी बहुतेकांच्या डोक्यातही तोच हिशेब पक्का बसलेला असतो. हा हिशेब अपुरा आहे आणि त्यामुळे एका चांगल्या सांघिक खेळाचे नुकसान होत आहे, असे मला वाटते. त्यासाठीच हा पत्रप्रपंच.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी हार्डपॉइंट थोडक्यात सांगतो. पाच-पाच खेळाडूंचे दोन संघ एका नकाशावर उतरतात. नकाशावरची एक ठरावीक जागा, म्हणजे एखादी खोली, गोदामाचा कोपरा किंवा चौकातला तुकडा, ‘पॉइंट’ म्हणून खुली होते आणि ज्या संघाचा खेळाडू त्या जागेत उभा असेल त्या संघाला दर सेकंदाला एक गुण मिळतो. दोन्ही संघांचे खेळाडू एकाच वेळी आत असले, तर कोणालाच गुण मिळत नाहीत. साठ सेकंदांनी तो पॉइंट बंद होऊन दुसरीकडे खुला होतो. कॉल ऑफ ड्युटी मोबाइलमध्ये दीडशे गुण आधी करणारा संघ जिंकतो, म्हणजे ज्या संघाने दोन पॉइंट पूर्ण वेळ राखले त्याचे १२० गुण तिथेच जमा होतात. या गुणफलकात ‘किल’ला एकही गुण नाही. प्रतिस्पर्ध्याला बाद करण्याचा उपयोग एवढाच, की तो काही क्षण पॉइंटपासून दूर राहतो. लगेच पुन्हा जिवंत होऊन तो धावत येणारच असतो.

आम्ही काही मित्र संध्याकाळी एकत्र खेळतो. आमच्या संघात एक मुलगा आहे, ज्याचे नाव ‘किल’च्या यादीत जवळजवळ नेहमी तळाशी असते. एका सामन्यात आमचे १३८ आणि समोरच्यांचे १४१ गुण झालेले असताना नवा पॉइंट खुला झाला. आमचे चौघे वाटेतच गारद झाले, पण हा आधीच पोहोचून भिंतीलगतच्या खोक्यांमागे आडवा पडला होता. आपल्या दिशेने येणारे हातबॉम्ब हवेतच निकामी व्हावेत म्हणून त्याने शेजारी ट्रॉफी सिस्टीम लावून ठेवली होती. समोरचे दोघे आत घुसले, तरी तो आत आहे तोवर त्यांचाही गुणफलक थांबलेला होता. त्याने गोळी झाडण्याची घाई केली नाही, कारण झाडली असती तर त्याची जागा उघडी पडली असती. तो फक्त माइकवरून ‘दोघं आत आहेत, एक डाव्या दारात’ असे सांगत राहिला. आम्ही परत येईपर्यंत जी काही सेकंदे त्याने प्रतिस्पर्ध्यांना गुण मिळू दिले नाहीत, त्या सेकंदांवर आम्ही तो सामना जिंकलो. सामन्यानंतरच्या पडद्यावर सर्वोत्तम खेळाडू म्हणून मात्र दुसऱ्याचेच नाव झळकले.

असे काम करणारा खेळाडू प्रत्येक चांगल्या संघात असतो. कोणी पॉइंटमध्ये बसतो, कोणी बाहेरची वाट अडवतो, तर कोणी ‘अँकर’ होऊन मागे थांबतो, जेणेकरून आपल्या संघाचे बाद झालेले खेळाडू पुन्हा त्याच बाजूला, म्हणजे पॉइंटच्या जवळ, ‘स्पॉन’ व्हावेत, म्हणजे जिवंत होऊन खेळात उतरावेत. अँकरचे काम तर डोळ्यांना दिसतही नाही. तो एका ठिकाणी नुसता उभा आहे असे वाटते, पण तो तिथून हलला की सगळ्या संघाचा स्पॉन फिरतो आणि पुढच्या पॉइंटला प्रतिस्पर्धी आधी पोहोचतात. जुना पॉइंट बंद व्हायला दहा-पंधरा सेकंद उरली असताना, हाती आलेली लढत सोडून पुढच्या जागेकडे निघण्याला ‘रोटेशन’ म्हणतात. समोर घायाळ प्रतिस्पर्धी दिसत असताना पाठ फिरवून निघणे नव्या खेळाडूला फार जड जाते, हे मी पुष्कळदा पाहिले आहे.

डॉमिनेशन या प्रकारात ही गोष्ट आणखी स्पष्ट होते. तिथे ए, बी आणि सी असे तीन झेंडे असतात आणि प्रत्येक ताब्यातला झेंडा ठरावीक वेळाने गुण देत राहतो. तीनपैकी दोन झेंडे शांतपणे राखणारा संघ सामना जिंकतो. उत्साहाच्या भरात तिसऱ्या झेंड्याकडे धाव घेतली, तर प्रतिस्पर्धी नकाशाच्या दुसऱ्या टोकाला, म्हणजे नेमके आपण सोडून आलेल्या झेंड्याजवळ, स्पॉन होतात आणि हातात असलेला सामना दोन मिनिटांत उलटतो. इथे हाव आवरणे हेच कौशल्य आहे, आणि ते एकट्याने आवरून भागत नाही. पाचही जणांनी आवरावे लागते.

माझी पिढी हे सारे काउंटर-स्ट्राइक या संगणकावरील शूटर गेमवर शिकली. मिन्ह ली आणि जेस क्लिफ या दोघांनी १९९९ मध्ये हाफ-लाइफ या गेमची सुधारित आवृत्ती म्हणून तो सुरू केला, आणि पुढे त्याची १.६ ही आवृत्ती आपल्याकडच्या सायबर कॅफेंमध्ये शाळा-महाविद्यालये सुटल्यावर खेळली जाऊ लागली. डस्ट-२ हा नकाशा तेव्हाच्या मुलांना आपल्या गल्लीइतका पाठ होता. त्या खेळात एका संघाने बॉम्ब लावायचा आणि दुसऱ्याने तो लावू द्यायचा नाही किंवा लावल्यास निकामी करायचा, असा नियम आहे. आजच्या काउंटर-स्ट्राइक २ मध्ये बॉम्ब लावल्यापासून स्फोटापर्यंत ४० सेकंद मिळतात, तर तो निकामी करायला १० सेकंद आणि निकामी करण्याचे किट जवळ असल्यास ५ सेकंद लागतात. बाद झालेला खेळाडू फेरी संपेपर्यंत परत येत नाही. बॉम्ब लागल्यानंतर चढाई करणाऱ्यांना कोणालाही शोधत फिरण्याची गरज उरत नाही. वेळ त्यांच्या बाजूने धावत असतो आणि त्यांनी फक्त बॉम्बवर नजर ठेवून दडून राहायचे असते. तरीही अशा कितीतरी फेऱ्या हरल्या जातात, कारण कोणाला तरी आणखी एक किल हवा असतो आणि तो आपली जागा सोडून बाहेर डोकावतो. व्हॅलोरंट या तशाच गेममध्ये बॉम्बऐवजी ‘स्पाइक’ आहे, स्फोटाला ४५ सेकंद आणि निकामी करायला ७ सेकंद. निम्मे काम करून माघार घेतली, तर परत आल्यावर उरलेल्या निम्म्यापासून पुढे सुरू करता येते. एका खेळाडूने निम्मे काम करून जीव गमवावा आणि दुसऱ्याने ते पुरे करावे, यासाठी जागा या नियमाने मुद्दाम करून ठेवली आहे.

या प्रकारांमागचा विचार जुना आहे. बॅटलफील्ड १९४२ या २००२ मधील गेममध्ये झेंड्यांचा बहुसंख्य ताबा गमावलेल्या संघाच्या ‘तिकिटां’ची, म्हणजे बाद झाल्यावर परत येण्याच्या संधींची, संख्या आपोआप घटत जाते. टीम फोर्ट्रेस २ मध्ये २००८ साली आलेल्या पेलोड प्रकारात एक गाडी रुळांवरून ढकलत न्यायची असते. तिच्याजवळ जितके अधिक खेळाडू, तितकी ती जलद चालते आणि बराच वेळ कोणीच जवळ नसले तर मागे सरकू लागते. निन्टेन्डोच्या स्प्लाटून या २०१५ च्या गेमने तर टर्फ वॉर या प्रकारात तीन मिनिटांनंतर फक्त एवढेच मोजले, की कोणत्या संघाने अधिक जमीन आपल्या रंगाने रंगवली. हांगझोऊ येथे २०२३ मध्ये झालेल्या आशियाई क्रीडा स्पर्धेसाठी पब्जी मोबाइलची जी खास आवृत्ती तयार केली होती, तिच्यातही खेळाडू एकमेकांवर नव्हे, तर ठेवलेल्या लक्ष्यांवर नेम धरत होते. शूटर गेम म्हणजे माणसे टिपण्याची मोजणी, ही समजूत या खेळाच्या निर्मात्यांनीच अनेकदा खोडून काढली आहे.

तरीही खेळाडू किलच्याच मागे का धावतात, याचे एक कारण पडद्यावर काय दाखवले जाते त्यात आहे. किल झाला की लगेच आवाज होतो, नाव झळकते, रांगेने किल झाले की बक्षिसे उघडतात. पॉइंटमध्ये बसलेल्याच्या सेकंदांना असा गाजावाजा नसतो. ओव्हरवॉच या गेमने २०१६ मध्ये वेगळी वाट धरली होती. त्यात सर्व खेळाडूंचा तुलनात्मक तक्ता नव्हता आणि प्रत्येकाला स्वतःच्या संघातल्या कामगिरीबद्दल पदके मिळत, ज्यांत उद्दिष्टाच्या जागेवर घालवलेल्या वेळेचेही पदक होते. २०२२ मध्ये ओव्हरवॉच २ आला तेव्हा ती पदके गेली आणि त्यांच्या जागी किल, साहाय्य, मृत्यू, नुकसान, उपचार यांचा तक्ता आला. जागेवरच्या वेळेला त्या तक्त्यात स्थान उरले नाही. मला हा बदल मनापासून खटकला. दुसरे कारण आपल्या सर्वांच्या परिचयाचे आहे: समाजमाध्यमांवर फिरणाऱ्या चित्रफितींमध्ये एकामागोमाग एक किलच जोडलेले असतात, आणि भिंतीमागे चाळीस सेकंद आडवा पडलेला मुलगा कोणी पाहत नाही.

याबाबत आपल्याकडे एक चांगली परंपरा आहे आणि ती मराठी वृत्तपत्रांनीच घडवली आहे. खो-खोच्या सामन्याचे वृत्त देताना कोणी किती गडी बाद केले यासोबत कोणी किती मिनिटे, किती सेकंद संरक्षण केले, हेही खेळाडूच्या नावानिशी छापले जाते. दोन मिनिटे दहा सेकंद पळती करणाऱ्या खेळाडूने त्या वेळात कोणालाच बाद केलेले नसते, पण त्याने संघासाठी काय केले हे महाराष्ट्रातल्या वाचकाला समजावून सांगावे लागत नाही, कारण वर्षानुवर्षे तो आकडा त्याने पेपरात वाचला आहे. हार्डपॉइंटमध्ये प्रत्येक खेळाडूचा पॉइंटमधला वेळ गेम स्वतःच मोजतो. तो आकडा सामन्याच्या शेवटी पडद्यावर असतो, फक्त कोणी तो उतरवून घेत नाही.

किलचे महत्त्व मी नाकारत नाही. पॉइंटच्या बाहेर लढत देणारे दोघे नसतील, तर आतला खेळाडू पाच सेकंदही टिकणार नाही, आणि नेमाचा सराव न करता नुसते जागेवर जाऊन उभे राहणारा खेळाडू संघावर भारच असतो. काउंटर-स्ट्राइकमध्ये बॉम्ब लागण्याआधी समोरचे पाचही जण बाद केले, तर फेरी तिथेच जिंकली जाते. माझे म्हणणे इतकेच आहे, की किल हे साधन आहे आणि ते कशासाठी वापरले हे न पाहता त्याची नुसती बेरीज करणे चुकीचे आहे. पॉइंटकडे येणाऱ्या वाटेवरचे दहा किल आणि नकाशाच्या निरुपयोगी कोपऱ्यातले पंचवीस किल यांत पहिल्या खेळाडूने संघाला अधिक दिलेले असते.

हा प्रश्न पालकांशीही जोडलेला आहे. केंद्र सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये ई-क्रीडेला बहुक्रीडा स्पर्धांचा भाग म्हणून मान्यता दिली, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये झालेल्या ऑनलाइन गेमिंगविषयीच्या कायद्याने पैसे लावून खेळायच्या गेमवर बंदी घालताना ई-क्रीडेला त्यापासून वेगळे ठेवले. कायद्याने केलेला हा भेद घरोघरी पोहोचायचा असेल, तर मुलगा मोबाइलवर नेमके काय करतो हे पालकांना कळले पाहिजे. किती वेळ खेळावे, कोणत्या वयात खेळावे, झोप आणि अभ्यास यांचे काय, हे प्रश्न खरेच आहेत आणि त्यांवर घरात नियम असावेत, याविषयी माझ्या मनात शंका नाही. पण ‘आज किती मारलेस?’ याऐवजी ‘पॉइंट कोणी राखला, तुझे काम काय होते?’ असे विचारणाऱ्या आईवडिलांना मुलाकडून फार वेगळे उत्तर मिळेल, आणि मूल एखाद्या चांगल्या संघात खेळते आहे की अनोळखी लोकांच्या लॉबीत एकटेच धावते आहे, हेही त्या उत्तरावरून समजेल.

महाविद्यालयांच्या स्पर्धा भरवणाऱ्यांना माझी विनंती आहे, की त्यांनी फक्त किलवर निकाल ठरणाऱ्या टीम डेथमॅचवर न थांबता हार्डपॉइंट, डॉमिनेशन आणि बॉम्ब लावण्या-निकामी करण्याचा सर्च अँड डिस्ट्रॉय या प्रकारांचे सामने ठेवावेत, सर्वोत्तम खेळाडू निवडताना जागेवरचा वेळ, काबीज केलेले झेंडे, लावलेले व निकामी केलेले बॉम्ब यांची नोंद परीक्षकांपुढे ठेवावी, आणि वृत्तपत्रांना पाठवायच्या पत्रकात ती नोंद खेळाडूच्या नावापुढे द्यावी. संघ निवडणाऱ्या प्रशिक्षकांनी आणि कर्णधारांनीही चाचणी सामन्यांत पॉइंटवर बसणाऱ्या मुलाला किलच्या यादीवरून गाळू नये. आयोजकांनी अशी नोंद पाठवली, तर ती आपल्या क्रीडा पानावर किलच्या आकड्यासोबत छापली जावी, एवढे आपण करावे ही विनंती.

आपला,
एक खेळाडू वाचक, सांगली