पोट्टीला बॅडमिंटनला टाकतोस म्हणे

नागपूर

प्रिय बंड्या,

पोट्टीची शाळा सोडवू का, तिला हैदराबादला अकॅडमीत टाकू का, आणि आपली बॅडमिंटनवाली मालविका बनसोड नागपुरात राहूनच एवढी वर गेली ना? एका दमात तीन प्रश्न विचारून तू मोकळा झालास. फोनवर तू कोणाला बोलू देत नाहीस, म्हणून लिहितो. बर्डीवरच्या माझ्या दुकानात दुपारी या उन्हात गिऱ्हाईक फिरकत नाही, गटिंगची, म्हणजे जाळी बांधायची, दोन रॅकेटं तेवढी पडली आहेत. ती संध्याकाळी करीन.

आधी ते सायनाचं मिटवू, कारण तुझ्या डोक्यात तेच बसलेलं दिसतं. 13 जानेवारी 2022, दिल्ली, इंडिया ओपनची दुसरी फेरी. मालविकानं सायना नेहवालला 21-17, 21-9 असं हरवलं. वय वीस. दुसऱ्या दिवशी दुकानात येणारा प्रत्येक जण जणू स्वतःच खेळून आला होता. पेढे मीही खाल्ले, खोटं कशाला बोलू. पण सायना तेव्हा दुखापतींतून उठत होती, आणि लगेच पुढच्या फेरीत मालविका आकर्षी कश्यपकडून हरली. त्याची बातमी कोणी दुकानात घेऊन आलं नाही.

मला विचारशील तर खरा सामना त्याच्या आधीचा, ऑक्टोबर 2021 चा. डेन्मार्कमध्ये आरहूसला महिला संघांचा उबेर कप होता, भारत विरुद्ध स्पेन. पहिल्याच सामन्यात सायनाला दुखापतीमुळे कोर्ट सोडावं लागलं. म्हणजे देशाच्या खात्यात शून्य, संघातली सगळ्यात मोठी खेळाडू बाहेर. अशा वेळी ही पोट्टी बिआत्रिझ कोरालेससारख्या मुरलेल्या खेळाडूसमोर उतरली आणि 21-13, 21-18 असा सरळ निकाल लावला. पाच सामन्यांची ती लढत भारत 3-2 नं जिंकला. सायनाविरुद्ध हरली असती तर कोणी नाव ठेवलं नसतं. इथे ठेवलं असतं.

आता मधलं ऐक, कारण आईबापांना मधलंच कोणी सांगत नाही. जागतिक क्रमवारी अशी चालते: मागच्या 52 आठवड्यांत खेळलेल्या स्पर्धांपैकी सगळ्यात चांगल्या दहांचे गुण धरतात. सुपर 1000, म्हणजे वरच्या दर्जाची स्पर्धा, जिंकली तर 12000 गुण. आणि सगळ्यात खालची, फ्युचर सिरीज, ती जिंकली तर 1700. मोठ्या स्पर्धेत नाव घालायला क्रमवारी लागते, आणि क्रमवारीसाठी आधी त्या 1700 वाल्या गल्लीबोळांतून जावं लागतं. मालविका सप्टेंबर 2019 मध्ये मालदीवची फ्युचर सिरीज जिंकली, त्याच वर्षी नेपाळची स्पर्धा. मग करोनानं सगळं बंद. 2021 मध्ये युगांडा, मग लिथुआनिया. तिकडे टीव्ही नाही, प्रेक्षक मोजके, बक्षीस असलं तर नावापुरतं, आणि तिकीट, हॉटेल, व्हिसा बहुतेकांच्या घरूनच. माझ्या बायकोला मी युगांडाचं सांगितलं तर म्हणाली, "तिथे बॅडमिंटन खेळतात?" खेळतात, आणि तिथले गुणही तितकेच खरे. दिल्लीच्या त्या मॅचला ती पोचली ती या गुणांच्या जोरावर.

ती डावरी आहे, हे तू पाहिलंच असशील. आपण शाळेत डावऱ्यांना "उलट्या हाताचा" म्हणून चिडवायचो, पण कोर्टवर तोच हात कामाला येतो. उजव्या हाताची खेळाडू अडचणीत आली की सवयीनं समोरच्याच्या बॅकहँडकडे शटल उंच टाकते. समोर डावरी असली की ते थेट तिच्या फोरहँडवर जातं. दुसरी गोष्ट मी गिऱ्हाइकांना शटल हातात देऊन दाखवतो. सोळा पिसं एकावर एक, सगळी एकाच दिशेनं बसवलेली, त्यामुळे शटल उडताना ठरावीक बाजूलाच फिरतं. म्हणून डावऱ्यानं कट मारला, म्हणजे शटल तिरकं घासून मारलं, की ते उजव्याच्या कटसारखं पडत नाही, थोडं वेगळंच वळतं. नेहमी उजव्यांशी खेळणाऱ्याचा अंदाज तिथे चुकतो. पण हेही सांगतो, माझ्याकडे डावरी पोरं बरीच येतात, आणि त्यातली बरीचशी दहावीला खेळ सोडतात.

आता नागपूर. नोव्हेंबर 2017 मध्ये मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात राष्ट्रीय स्पर्धा झाली होती, आठवते? मी फायनलला होतो. सायनानं सिंधूला 21-17, 27-25 नं हरवलं, तो दुसरा गेम संपता संपेना. मालविका तेव्हा सोळा वर्षांची. आपल्याकडे हॉल आहेत, शिकवणारे आहेत, पण एका टप्प्यानंतर रोज आपल्यापेक्षा तगडं कोणीतरी समोर लागतं, आणि तेच इथे कमी पडतं. ती सरावाला रायपूरला संजय मिश्रा सरांकडे गेली. म्हणजे हैदराबाद नाही, बंगळूरू नाही, रायपूर! आपल्यापासून तीनेकशे किलोमीटर. लोकांना हे सांगितलं की त्यांचा हिरमोड होतो. पण मोठ्या अकॅडमीत शंभरांतली एक होण्यापेक्षा जिथे सर स्वतः बाजूला उभे राहून चूक दाखवतात, तिथे पोरगी लवकर वाढते, असं माझं ठाम मत आहे. तुला पटणार नाही, तू ब्रँड बघून शर्ट घेणारा.

तिचे आईवडील दोघंही दातांचे डॉक्टर. आईनं तर लेकीसाठी क्रीडाविज्ञानाचं पुढचं शिक्षण घेतलं. घर असं अख्खंच्या अख्खं एका खेळाभोवती फिरवावं लागतं, बे. तू आणि वहिनी मिळून हे करू शकता का, ते आधी दोघं बसून बोला. पोट्टीला काय विचारतो, ती अकरा वर्षांची आहे, ती हो म्हणणारच.

पुढचं तुला माहीत आहे. सायनाला हरवल्यानंतर लगेच लखनौला सय्यद मोदी स्पर्धेची फायनल, तिथे सिंधूनं 21-13, 21-16 नं जमिनीवर आणलं. मग दोन-अडीच वर्षं पेपरात एक ओळ आली तर आली. सप्टेंबर 2024 मध्ये चायना ओपनला पॅरिस ऑलिंपिकची ब्राँझपदकवाली ग्रेगोरिया तुनजुंग पहिल्याच फेरीत समोर आली, तिला 26-24, 21-19 नं हरवलं आणि पुढे मालविका उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेली. त्याच वर्षी जर्मनीत हायलो ओपनची फायनल. आणि जून 2025 मध्ये इंडोनेशियात गुडघा गेला. पहिला गेम जिंकलेला, दुसऱ्यातही पुढे होती, आणि सामना सोडावा लागला. खर्चाचा हिशेब मांडशील तेव्हा गुडघ्याचा रकानाही ठेव. फिजिओ हा चैनीचा खर्च नाही.

तर माझं म्हणणं असं. शाळा सोडवू नकोस. हैदराबादचं दोन वर्षं बाजूला ठेव. आधी जिल्हा, मग राज्य, तेरा वर्षांखालच्या गटात हरून बघू दे तिला. हरल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी साडेपाचला स्वतः उठते की तू उठवतोस, एवढंच लक्ष ठेव.

आणि तू तिला घेऊन दिलेली ती महागाची रॅकेट. फोटो पाहिला. 27 पौंड ताणाचं गट त्या वयाच्या मनगटाला कोणी टाकून दिलं? कोपर धरेल तिचं. काढून टाक आणि माझ्याकडे पाठव, मी 20 पौंडावर बांधून देतो. मजुरी घेणार नाही, पण कुरिअर तुझं. मे महिन्यात घेऊनच ये तिला, सकाळी हॉलवर खेळवतो. फक्त शटल तिकडून आणू नकोस. आपल्या उन्हात हवा पातळ होते, तुमच्याकडचं शटल इथे बेसलाइनच्या बाहेर जातं आणि पिसंही कोरडी होऊन तुटतात. मी कमी स्पीडच्या शटलचा डबा काढून, आदल्या रात्री वाफ देऊन ठेवीन.

वहिनींना नमस्कार, पोट्टीला आशीर्वाद.

तुझाच,
बापू