तालमीचे पैसे कोण देणार?

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

कालच्या अंकातला सरकारी कला संस्थांच्या मदतीवरचा लेख वाचला आणि रात्रभर डोक्यातून जाईना, म्हणून आज लिहायला बसलेय. कार्यक्रम किती झाले, महोत्सव किती, प्रेक्षक किती आले, सगळे आकडे आहेत त्यात. मदतीच्या पैशातला कितवा हिस्सा प्रत्यक्ष कलाकाराच्या हातात पडला हे मात्र एका ओळीतसुद्धा नाही. लेखकाने ते विचारायला हवं होतं असं मला मनापासून वाटतं.

आमच्या ग्रुपला असं अनुदान मिळालेलं आहे, म्हणून हे बोलतेय. वस्तीतली मुलं आणि म्हातारी माणसं एकत्र आणून त्यांच्याच आठवणींवर नाटक बसवायचं असा प्रकल्प होता. मंजुरीचं पत्र आलं तेव्हा आम्हाला किती आनंद झाला होता! मग सोबतच्या अटी वाचल्या. हॉलचं भाडं चालेल, लाइट-साउंड चालेल, बॅनर चालेल, पाहुण्यांचा प्रवासखर्च चालेल, व्हिडिओ शूटिंग तर कंपल्सरीच. पण तालमीचं मानधन बसत नाही, आणि ग्रुपच्या सभासदांना तर कसलंच मानधन नाही. बरं, जे बसतं तेही आधी आपल्या खिशातून घालायचं, मग कार्यक्रम झाल्यावर पक्की बिलं, फोटो, हजेरीपत्रक, रिपोर्ट सगळं जमा करायचं आणि वाट बघत बसायचं. ज्याच्याकडे आधीच पैसे आहेत त्यालाच ही मदत परवडते, हे त्या नियम करणाऱ्यांच्या लक्षात येत नाही का?

आमच्यातला एक वादक कित्येक महिने रोज संध्याकाळी यायचा. आधी मुलांना ताल शिकवायचा, नंतर आजी लोकांकडून त्यांची जुनी गाणी काढून घ्यायचा, त्या लाजायच्या, अर्धवट म्हणायच्या, हा पुन्हा पुन्हा बसायचा त्यांच्यापाशी. नाटक उभं राहिलं ते त्याच्यामुळे. प्रयोगाच्या दिवशी साउंडवाल्याला बिलाप्रमाणे पैसे मिळाले, बॅनरवाल्याला मिळाले, हारवाल्याला मिळाले, आणि ह्याला शाल आणि सर्टिफिकेट. आम्ही वर्गणी काढून थोडंफार दिलं पण ते काय पुरणार. आता तो डिलिव्हरीचं काम करतो, तालमीला येऊ शकत नाही आणि मुलं अजून त्याची चौकशी करतात. रिपोर्टच्या फॉर्ममध्ये 'स्थानिक कलाकारांना झालेला लाभ' असा रकाना होता, तिथे काय लिहायचं यावर आमची भांडणं झाली.

लोक म्हणतील जनतेचा पैसा आहे, हिशोब नको का द्यायला? द्यायलाच हवा, पण तालीम हे काम आहे, तिचीही हजेरी ठेवता येते. फ्रान्समध्ये नाटक-सिनेमातल्या माणसाचे १२ महिन्यांत ५०७ तास पगारी काम भरलं की मधल्या रिकाम्या काळात त्याला बेकारी भत्ता मिळतो, आणि त्या तासांत पगारी तालमीही धरतात. आयर्लंडने २०२२ मध्ये २००० कलाकारांना आठवड्याला ३२५ युरो द्यायला सुरुवात केली, तेही पात्र अर्जांतून चिठ्ठ्या टाकल्यासारखी निवड करून. कार्यक्रम करा, बॅनर लावा, फोटो पाठवा असलं काही त्याच्या बदल्यात मागितलं नाही, कारण ते पैसे कलाकाराच्या वेळेसाठी होते.

आणि हे काही आजचं फॅड नाही. महामंदीत अमेरिकेच्या सरकारने १९३५ मध्ये फेडरल आर्ट प्रोजेक्ट काढला, त्यात चित्रकारांना पगार दिला, आणि वस्त्यावस्त्यांत शंभराहून जास्त कला केंद्रं चालवली जिथे कोणीही जाऊन शिकावं. न्यूयॉर्कच्या हार्लेममधल्या केंद्राची प्रमुख होती ऑगस्टा सॅव्हेज, स्वतः मोठी शिल्पकार. जेकब लॉरेन्स नावाच्या गरीब पोराला ती त्या योजनेत नोकरी लावायला घेऊन गेली तर त्याचं वय बसेना. पुढच्या वर्षी वय बसल्यावर तीच त्याला परत घेऊन गेली आणि चित्रं काढायची पगारी नोकरी लावूनच आली. तो स्वतः विसरला होता म्हणे. त्याच लॉरेन्सने पुढे १९४०-४१ मध्ये दक्षिणेतून उत्तरेकडे गेलेल्या कृष्णवर्णीयांच्या स्थलांतरावर ६० चित्रांची मालिका केली, जी आज अर्धी न्यूयॉर्कच्या आणि अर्धी वॉशिंग्टनच्या मोठ्या म्युझियममध्ये आहे. मला यात पगाराइतकंच महत्त्वाचं वाटतं ते हे, की ऑफिसातल्या माणसाने एका पोराची आठवण वर्षभर ठेवली.

आमच्याकडेही अनुदानाच्या ऑफिसात अशा एक बाई होत्या, हे सांगायलाच हवं. आमच्या म्हाताऱ्या मंडळींना सही येत नाही म्हणून त्यांनी अंगठ्यांची हजेरी मान्य करून घेतली, स्वतः तालमीला येऊन बसल्या. प्रकल्प अर्धा झाला आणि त्यांची बदली झाली. नवीन साहेबांनी फाइल पहिल्यापासून मागितली, आणि आर्थिक वर्ष संपत आलंय, निधी परत जाईल, प्रयोग लवकर उरका म्हणाले. उरका! ज्या आजीला सगळ्यांत जास्त सांगायचं होतं तिचा प्रवेश तयार नव्हता म्हणून तो गाळावा लागला, आणि याचं मला आजही फार वाईट वाटतं. अमेरिकेच्या केंद्रीय कला संस्थेच्या अनुदानातला ४० टक्के पैसा राज्यांच्या आणि प्रादेशिक संस्थांकडे जातो, कारण जवळच्या माणसाला जास्त कळतं असा त्यामागे विचार आहे. विचार चांगलाच आहे पण जवळच्या ऑफिसातला माणूस एक प्रकल्प पुरा होईपर्यंत तरी तिथे राहिला पाहिजे ना.

माझं मागणं फार नाही. एकूण अनुदानातला ठरावीक हिस्सा तालमीसाठी आणि शिकवणाऱ्यांसाठी राखून ठेवा, आणि निम्मे पैसे कामाच्या आधी द्या, म्हणजे छोट्या ग्रुपना उसनवारी करावी लागणार नाही. तुमच्या पेपरने हा विषय लावून धरला तर ऑफिसवाल्यांना उत्तर द्यावं लागेल, आम्ही अर्ज करून काही होत नाही.

अजून एक, राहवत नाही म्हणून लिहिते. आमच्या प्रयोगाचा फोटो तुमच्याकडे छापून आला होता. खाली दीपप्रज्वलन करणाऱ्या पाहुण्यांची नावं पदांसकट होती आणि कलाकारांच्या जागी 'व इतर'. प्रेसनोटमध्ये सगळ्यांची नावं आम्ही दिली होती, मुलांचीसुद्धा. मुलांनी तो पेपर घरोघरी नेऊन आपलं नाव शोधलं. पुढच्या वेळी जागा कमी असेल तर पाहुण्यांची नावं कमी करा. वादकाचं आणि सगळ्या मुलांचं नाव वेगळ्या मेलवर पाठवतेय, उशिरा का होईना छापाल अशी अपेक्षा आहे.

आपली,
एक नियमित वाचक