तो चित्रपट शब्दांवाचून नव्हता

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला जपानी दिग्दर्शक किनुगासांच्या ‘अ पेज ऑफ मॅडनेस’वरचा लेख वाचला. लेखकाने मेहनत घेतली आहे, हे मान्य. पण १९२६ साली जपानी प्रेक्षकांना हा मूकपट ‘एकाही शब्दावाचून’ समजला, हे वाचून राहवेना. पडद्यावर मजकुराच्या पाट्या नव्हत्या, हे खरं. पण पडद्याशेजारी बेन्शी उभा राहून गोष्ट सांगत असे, त्याचं काय? टोकियोच्या मुसाशिनोकान चित्रपटगृहात हे काम तोकुगावा मुसेई यांनी केलं. नटांइतकंच बेन्शींचं नाव बघून लोक तिकीट काढत. एवढ्या माणसाला आपण एका वाक्यात पुसून टाकलंत.

मी हे पोटतिडकीने लिहितो आहे, त्याला कारण आहे. काही वर्षांपूर्वी पुण्यातल्या एका फिल्म क्लबात हा चित्रपट दाखवला होता. आईला घेऊन गेलो. वेड्यांच्या इस्पितळात झाडलोट करणारा म्हातारा, तिथेच कोंडलेली त्याची बायको, लग्न ठरलेली मुलगी. आई हळूच विचारायची, “ही याची कोण रे?” मी कानात सांगायचो. रात्री तो बायकोला पळवून न्यायला येतो आणि ती जायलाच तयार होत नाही, तेव्हा आई म्हणाली, “ओळखत नाही का ती त्याला?” तेवढ्यात आयोजकांपैकी एकाने आमच्या तोंडावर बॅटरी मारली आणि बोलायचं असेल तर बाहेर जा म्हणून सुनावलं. आई उठली. शेवटी तो म्हातारा स्वप्नात सगळ्या रुग्णांना हसरे मुखवटे चढवतो, ते तिने पाहिलंच नाही. जपानात त्या काळी जे काम पगार देऊन करवून घेत, त्यासाठी आम्हाला बाहेर काढलं. ते आजही विसरता येत नाही.

भूकंपात, युद्धात जपानचे बहुतेक मूकपट गेले. हाही हरवला असंच सगळे धरून होते. १९७१ मध्ये खुद्द किनुगासांनाच तो आपल्या घरच्या कोठारात सापडला. रीळ सापडली, बेन्शीचा तो आवाज मात्र सापडणार नाही. म्हणून तरी बेन्शी होता, एवढं छापत जा.

आणखी एक. छायाचित्राखाली दिग्दर्शकाचं नाव ‘किनुसागा’ छापलं आहे. गेल्या महिन्यात अशाच एका चुकीबद्दल पत्र पाठवलं होतं, त्याची दुरुस्ती अजून आलेली नाही. या वेळी दोन्ही दुरुस्त्या एकदम छापाव्यात, ही विनंती.

आपला,
एक जुना वाचक, पुणे