सेंट ईवच्या चॅपेलचं छप्पर पावसाआधी शाकारायचं आहे: मदतीचं आवाहन

फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतातल्या लान्यों परिसरातल्या सर्व मराठी कुटुंबांना सप्रेम नमस्कार.

गावाबाहेरच्या आपल्या छोट्या चॅपेलचं छप्पर उत्तरेकडून गळतंय. पाटीच्या दगडाची कौलं सरकली आहेत आणि गेल्या हिवाळ्यात पाणी थेट सेंट ईवच्या लाकडी मूर्तीपर्यंत आलं. हे ईव इथलेच. 1253 च्या सुमारास त्रेगियेशेजारच्या मिनिहीत जन्मलेले, पाद्री असूनही गरिबांची वकिली करणारे. ब्रिटनीत त्यांना बहुधा दोघांच्या मधोमध उभं करतात: एकीकडे पैशांची थैली घेतलेला श्रीमंत, दुसरीकडे फाटक्या कपड्यांतला गरीब. आपल्या चॅपेलमधल्या श्रीमंताच्या नुसत्या रंगाचे पोपडे निघालेत. गरिबाच्या पायाला मात्र भुंगा लागलाय. बोट टेकवलं तरी भुसा गळतो.

भिंतीवरच्या तुळया तर मान वर करून बघाव्यात अशा. टोकाला तुळई गिळणारा राक्षस आणि मध्ये पाद्र्याचा झगा घालून कोंबड्यांना प्रवचन देणारा कोल्हा! पाद्र्याच्या डोक्यावरच पाद्र्याची टिंगल कोरायची हिंमत त्या सुतारात होती, आणि पाद्र्यांनीही ती चालवून घेतली.

इथली भक्ती तशी धसमुसळीच. जवळच प्लूमानाकला लग्न जमावं म्हणून मुली सेंट गिरेकच्या नाकात टाचण्या टोचत. लाकडी मूर्तीची पार दुर्दशा झाल्यावर तिथं ग्रॅनाइटची बसवावी लागली. आपल्याकडे निदान नाकं शाबूत आहेत.

चर्च आणि सरकार वेगळं करणाऱ्या 1905 च्या कायद्यानंतर अशा बहुतेक इमारती गावाच्या मालकीच्या आहेत: प्रार्थना पाद्र्यांची, छप्पर मेरीचं, म्हणजे ग्रामपंचायतीचं. ल फावेच्या सेंट फियाक्र चॅपेलमध्ये 1480 चा कोरीव लाकडी पडदा आहे. ते संरक्षित स्मारक, त्याला सरकारी निधी मिळतो. आपलं चॅपेल कुठल्याच यादीत नाही.

देणगी थेट मेरीच्या खात्यात भरावी. पावतीवर फ्रान्समध्ये प्राप्तिकर भरणाऱ्यांना 66 टक्के करसवलत मिळते. 100 युरो दिलेत तर खिशातून 34च जातात. रोख रक्कम कोणाच्याही हातात देऊ नका, समितीच्या माणसांच्याही नाही.

पैसे जमत नसतील तर शनिवारी सकाळी बाक हलवायला, मूर्ती झाकायला या. घरचं वार्निश आणू नका, मूर्तींचं काम जाणकारच करतील. ख्रिस्ती असण्याची अट नाही. मे महिन्यातल्या पार्दोंला, म्हणजे इथल्या जत्रेला, मिरवणुकीतली जड निशाणं उचलायला माणसं कमी पडतात आणि क्रेप, म्हणजे इथली पातळ धिरडी, भाजायलाही. तव्याची सवय असलेल्यांनी नावं आधी कळवावीत.

आपली,
चॅपेल दुरुस्ती समिती