बुटातला कॉम्प्युटर

ती. बाबा,
सा. नमस्कार.

आई फोनवर सांगत होती की दादानी दिलेलं घड्याळ बांधल्यापासून तुम्ही रात्री जेवण झालं की हॉलमधे फेऱ्या मारत बसता, पावलं भरायची म्हणून, आणि परवा तर पुरणपोळी खाताना कॅलरीचा हिशोब लावला म्हणे! म्हणलं जरा सविस्तरच लिहावं.

इथे जर्मनीत आमच्या एर्लांगेनच्या जवळ हेर्त्सोगेनआउराख म्हणून एक छोटंसं गाव आहे. तिथले डास्लर भाऊ आधी एकत्रच बूट बनवायचे, मग भांडले आणि वेगळे झाले, 1948 ला रुडॉल्फनी पुमा काढली, 1949 ला आदीनी आदिदास. भावकीचं भांडण जगात सगळीकडे सारखंच हो, फक्त इथे बांधाऐवजी बूट! गावातले लोक म्हणे आधी समोरच्याच्या पायाकडे बघायचे आणि मग बोलायचं की नाही ते ठरवायचे.

तर 1984 ला आदिदासनी मायक्रोपेसर नावाचा बूट आणला, डाव्या बुटाच्या जिभेवर छोटा डिस्प्ले, त्यात अंतर, वेग, कॅलरी सगळं दिसायचं. मग पुमा काय गप्प बसणार, त्यांनी 1986 ला आरएस कॉम्प्युटर काढला, टाचेमागे चांगला ठोकळाच, आणि पळून घरी आलं की बुटाला केबल लावून ॲपल टू-ई नाहीतर कमोडोर 64 ह्या त्या काळच्या घरगुती कॉम्प्युटरला जोडायचा, फ्लॉपीवरचा प्रोग्राम चालू करायचा, मग स्क्रीनवर आकडे. विचार करा, घामाचा बूट टेबलावर कॉम्प्युटरशेजारी, आई तर घराबाहेरच काढेल. 2018 ला पुमानी तोच बूट ब्लूटूथ घालून परत काढला, फक्त 86 जोड.

पण मला खरं सांगायचंय ते वेगळंच. बुटाला कळतं ते फक्त पाऊल पडलेलं, कॅलरी म्हणजे त्यावरून काढलेला अंदाज, आणि आज तुमच्या घड्याळातही कॅलरी म्हणजे अंदाजच. त्याच्या आधीच, 1982 ला, फिनलंडच्या पोलर कंपनीनी छातीला पट्टा बांधून मनगटावर हृदयाचे ठोके दाखवले होते, ते मात्र खरंच मोजलेले. म्हणून तुम्हीपण चालताना ठोके बघत जा, कॅलरी सोडा, आणि बीपी डॉक्टरांकडेच तपासा.

आणि घड्याळात वजन खरं टाका बाबा, आई म्हणाली तुम्ही रिटायर व्हायच्या आधीचं टाकलंय. दादाला सांगा, तो बदलून देईल.

तुमची,
छोटी