नमुना कितव्या दिवशी घेतला?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

पूर ओसरला की लेप्टोच्या, म्हणजे चिखलपाण्यातून होणाऱ्या लेप्टोस्पायरोसिस या तापाच्या, बातम्या येतात. ‘संशयित इतके, निश्चित इतके’ असे आकडे त्यात असतात; पण रक्ताचा नमुना तापाच्या कितव्या दिवशी घेतला, हे कुठेच छापलेले नसते. मळसूत्री जिवाणूंच्या आजारांत अहवालाचा अर्थ नेमका त्यावरच ठरतो, म्हणून हे पत्र.

लेप्टोचा जिवाणू लेप्टोस्पायरा आणि उपदंशाचा (सिफिलिसचा) जिवाणू ट्रेपोनेमा यांची जाडी जेमतेम ०.१ ते ०.२ मायक्रोमीटर. ग्राम रंगक्रिया करून नेहमीच्या सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले तर ते हाती लागत नाहीत. डार्कफील्ड सूक्ष्मदर्शकात काळ्या पार्श्वभूमीवर चकाकणारी, स्वतःभोवती गिरक्या घेत सरकणारी वेटोळी दिसतात खरी. पण तेवढ्यावर रक्तातल्या लेप्टोचे निदान करू नये. रक्तातले फायब्रिनचे धागे आणि तांबड्या पेशींचे तुकडे हुबेहूब तसेच वळवळतात.

लेप्टोमध्ये पहिल्या आठवड्यात जिवाणू रक्तात असतात. तेव्हा पीसीआर, म्हणजे जिवाणूचा डीएनए शोधणारी चाचणी, उपयोगी, तोही प्रतिजैविक सुरू होण्याआधी घेतलेल्या रक्तावर. प्रतिपिंडे साधारण पाचव्या ते सातव्या दिवसापासून सापडू लागतात. म्हणजे तिसऱ्या दिवशी केलेली आयजीएम एलायझा ही प्रतिपिंडांची चाचणी निगेटिव्ह आली तर तिच्यावरून काहीच ठरत नाही. दहा ते चौदा दिवसांनी दुसरा नमुना घ्यावाच लागतो. मॅट या प्रतिपिंडे मोजणाऱ्या चाचणीत टायटर (नमुना कितीपट पातळ केल्यावरही प्रतिपिंडे सापडतात तो आकडा) चौपट वाढले, समजा १:१०० चे १:४०० झाले, की निदान पक्के. दुसऱ्या आठवड्यापासून जिवाणू लघवीत उतरतात; पण आम्लधर्मी लघवीत ते लवकर मरतात, त्यामुळे कल्चरसाठीचा (जिवाणू वाढवून पाहण्यासाठीचा) नमुना टेबलावर पडून राहिला की वाया गेला.

उपचार मात्र या अहवालांसाठी अडवून धरू नयेत. चिखलपाण्याशी संपर्क, तीव्र ताप, पोटऱ्यांत ठणका आणि चिपडे न येता लालभडक झालेले डोळे एवढ्यावर औषध सुरू करणे योग्य. सौम्य आजारात प्रौढांना डॉक्सिसायक्लिन १०० मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, सात दिवस. गरोदर स्त्रिया व लहान मुलांना वेगळे औषध. लघवी कमी झाली, कावीळ दिसली, धाप लागली किंवा थुंकीत रक्त आले तर घरी थांबू नये.

उपदंशात फसगत वेगळ्या तऱ्हेने होते. संपर्कानंतर सरासरी तीन आठवड्यांनी न दुखणारा व्रण उठतो आणि तीन ते सहा आठवड्यांत आपोआप भरतो. आजार गेला असे वाटते. तो गेलेला नसतो. व्रण ताजा असताना व्हीडीआरएल ही प्रतिपिंडांची रक्तचाचणी निगेटिव्ह येऊ शकते. पुढच्या टप्प्यात, तळहात-तळपायांवर पुरळ असताना, प्रतिपिंडे इतकी जास्त असतात की सीरम (रक्त गोठल्यावर उरणारा द्रव) पातळ न करता तपासले तर चाचणी पुन्हा निगेटिव्ह दिसते. म्हणून ‘उपदंशाची शंका’ असे फॉर्मवर स्पष्ट लिहावे, म्हणजे प्रयोगशाळा सीरम पातळ करून पाहील.

सुरुवातीच्या उपदंशाला बेंझाथीन पेनिसिलिनचे २४ लाख युनिट, स्नायूत, एकदाच; जुन्या आजारात दर आठवड्याला एक असे तीन डोस. इंजेक्शननंतर पहिल्या २४ तासांत थंडी-ताप येऊ शकतो. जिवाणू एकदम मेल्यामुळे ही प्रतिक्रिया होते. ती पेनिसिलिनची ॲलर्जी नव्हे. अंगावर गांधी उठल्या, श्वास कोंडला तर ती ॲलर्जी, आणि तिथे क्षणाचाही विलंब नको. उपचाराचा गुण व्हीडीआरएलच्या टायटरवर पाहावा: १:३२ चे १:८ झाले तर चांगले, १:१६ पर्यंतच उतरले तर तेवढा फरक चाचणीच्या चुकीतही बसतो. टीपीएचए ही उपदंशाची दुसरी प्रतिपिंड चाचणी बहुधा आयुष्यभर पॉझिटिव्ह राहते. तेवढ्यावरून पुन्हा पुन्हा इंजेक्शने देणे थांबले पाहिजे. गरोदर स्त्रीची तपासणी पहिल्याच भेटीत व्हावी, कारण बाळ वाचवायचे तर प्रसूतीच्या किमान ३० दिवस आधी उपचार सुरू झालेला असावा लागतो.

बोरेलियामुळे होणारा, उलटून उलटून येणारा ताप हा एक अपवाद. हा जिवाणू जिम्सा या रंगाने रंगवलेल्या काचेवर नेहमीच्या सूक्ष्मदर्शकाखालीही सरळ दिसतो, पण ताप चढलेला असतानाच्या रक्तात. प्रतिपिंडे त्याला संपवत आणतात, उरलेले जिवाणू आपल्या पृष्ठभागावरचे प्रथिन बदलून पुन्हा वाढतात, आणि ताप परततो. मधल्या दिवसांत घेतलेली काच कोरी निघते.

तपासणीच्या प्रत्येक फॉर्मवर तीन तारखा सक्तीच्या कराव्यात: आजाराचा पहिला दिवस, नमुन्याचा दिवस आणि प्रतिजैविकाचा पहिला डोस. आणि साथीचे आकडे जाहीर होतील तेव्हा, पहिला नमुना निगेटिव्ह आलेल्यांपैकी किती जणांचा दुसरा नमुना घेतला, हे आपल्या बातमीदारांनी जरूर विचारावे.

आपला,
सूक्ष्मजीवशास्त्र प्रयोगशाळेत काम करणारा एक वाचक